अर्धा सिनेमा, एक रात्र: ‘पथेर पांचाली’च्या पार्श्वसंगीताचं प्रकरण

स्टुडिओच्या पाठबळाशिवाय सिनेमा करणाऱ्यांकडे पार्श्वसंगीताची पाळी येते तेव्हा पैसे संपलेले असतात आणि दिवसही. फेस्टिव्हलची तारीख डोक्यावर असते, निर्माता फोन घ्यायचा बंद झालेला असतो, आणि दिग्दर्शक संगीतकाराला सांगतो, ‘‘बाकी सगळं झालंय, बॅकग्राउंड तेवढं राहिलंय.’’ संकलनाच्या टेबलावर बसून हा ‘तेवढं’ शब्द मी इतक्या वेळा ऐकलाय, की त्याचं मूळ घराणं शोधावंसं वाटलं. ते सापडलं कोलकात्यात, 1955 साली.

सत्यजित राय यांच्या ‘पथेर पांचाली’ या बंगाली सिनेमाचं संगीत पंडित रविशंकरांनी एका रात्रीत केलं, ही गोष्ट बहुतेकांना माहीत असते. ती चमत्कारासारखी सांगितली जाते: मोठा कलावंत आला, सतार उचलली, पहाट झाली, संगीत तयार. ती खोटी नाही, पण अर्धवट आहे. त्या रात्री जे ध्वनिमुद्रित झालं तो कच्चा माल होता. त्याचं पार्श्वसंगीत पुढे झालं, कात्री आणि चिकटपट्टीच्या टेबलावर, आणि तिथे रविशंकर नव्हते. माझ्या मते या प्रकरणातला खरा प्रयोग तोच.

आधी परिस्थिती. सत्यजित राय जाहिरात कंपनीत नोकरी करणारे चित्रकार. त्यांचा हा पहिला सिनेमा. छायालेखक सुब्रत मित्र विशीतला मुलगा, ज्यानं आधी चित्रपटाचा कॅमेरा चालवलेला नव्हता. 27 ऑक्टोबर 1952 ला काशफुलांच्या माळावर चित्रीकरण सुरू झालं आणि पैशांअभावी पुन्हा पुन्हा थांबलं. विम्याची पॉलिसी गेली, पुस्तकं गेली, पत्नीचे दागिने गहाण पडले. शेवटी पश्चिम बंगाल सरकारनं पैसा दिला. नावात ‘पथ’ असल्यानं सरकारी दप्तरात तो रस्तेसुधारणेच्या खात्यावर पडला, हा किस्सा आता जुना झालाय. मात्र त्याचा परिणाम संगीतापर्यंत पोचतो. सिनेमा तुकड्यातुकड्यांनी तयार होत होता, त्यामुळे संगीतकाराला अखंड सिनेमा दाखवता येईल असा दिवस उगवलाच नाही. त्यात न्यूयॉर्कच्या म्युझियम ऑफ मॉडर्न आर्टनं हा सिनेमा आपल्याकडे दाखवायचं ठरवलं. 3 मे 1955 ही तारीख. ती चुकवून चालणार नव्हतं. राय आणि संकलक दुलाल दत्त शेवटचे कितीतरी दिवस-रात्र टेबलावरून उठले नाहीत.

दुसऱ्या बाजूला रविशंकर. वय पस्तिशीच्या आसपास. 1949 पासून ते आकाशवाणीच्या दिल्ली केंद्रावर होते, तिथलं वाद्यवृंद त्यांच्याकडे होतं, आणि जोडीला मैफलींचे दौरे. सिनेमा त्यांना नवा नव्हता. मुंबईत ‘इप्टा’ या नाट्यसंस्थेबरोबर काम करत असताना 1946 मध्ये त्यांनी ‘धरती के लाल’ आणि ‘नीचा नगर’ या दोन चित्रपटांना संगीत दिलं होतं. शिवाय थोरले बंधू उदय शंकर यांच्या नृत्यपथकात त्यांचं लहानपण गेलेलं, म्हणजे समोर काही हलतंय आणि आपण त्यासाठी वाजवतोय, याची सवय मैहरला उस्ताद अल्लाउद्दीन खाँकडे सतारीची तालीम सुरू होण्याआधीची. ‘पथेर पांचाली’त हे हाड कामी आलं असं मला वाटतं. निव्वळ मैफलीत वाढलेला, तेवढ्याच तयारीचा सतारिया त्या रात्री कदाचित अडखळला असता.

त्यांच्या आणि रायांच्या पहिल्याच बोलण्यात रविशंकरांनी एक चाल गुणगुणून दाखवली. लोकगीताच्या वळणाची, साधी, तरी कसलेल्या हातून आलेली. तीच सिनेमाची मुख्य धून ठरली. बासरीवरची ती धून सिनेमाभर पुन्हा पुन्हा भेटते. म्हणजे सगळ्यात महत्त्वाची गोष्ट स्टुडिओच्या बाहेर, सिनेमा पाहायच्याही आधी होऊन गेली. पुढे कच्च्या संकलनातला जेमतेम अर्धा सिनेमा रविशंकरांनी पाहिला. उरलेल्या अर्ध्यासाठी रायांच्या तोंडचं वर्णन हाच आधार.

त्या काळात पार्श्वसंगीत करायच्या ज्या दोन वाटा रुळलेल्या होत्या, त्या दोन्ही इथे बंद होत्या. हॉलिवुडची वाट: संकलन पक्कं झालेलं, प्रत्येक प्रसंगाचे सेकंद मोजलेले, त्या सेकंदांना बेतलेली स्वरलिपी आणि समोर मोठा ऑर्केस्ट्रा. मुंबईची वाट तिच्याच चुलत घरातली. संगीतकार चाल देई आणि ती वाद्यमेळात मांडायचं काम सेबॅस्टियन डिसोझा, अँथनी गोन्साल्विस यांच्यासारखे गोव्याचे अरेंजर करत. पाश्चात्य स्वरलिपी लिहिणारे, व्हायोलिनांच्या ओळी बांधणारे हे लोक नसते तर हिंदी सिनेमाचा आवाजच वेगळा झाला असता. पण त्या यंत्रणेला दिवस लागतात, वादक लागतात, पैसे लागतात. रायांकडे यातलं काहीच नव्हतं. एक सत्र होतं, मूठभर वादक होते, आणि अर्धा सिनेमा पाहिलेला संगीतकार.

ती रात्र

रायांनी नंतर लिहिल्याप्रमाणे ते सत्र साधारण अकरा तास चाललं, पहाटे चारपर्यंत. चित्र डोळ्यांपुढे उभं करून पाहा. रविशंकर गुणगुणतायत, सतारीवर वाजवून दाखवतायत, सूचना देतायत. त्यांचे सहायक आणि बासरीवादक आलोक दे त्या कल्पना भरभर भारतीय स्वरलिपीत उतरवतायत आणि फुलस्केप कागद वादकांच्या हातात देतायत. वादकांना श्वास घ्यायला फुरसत नाही. म्हणजे सगळं डोळे मिटून, अंतःप्रेरणेनं झालं ही समजूत सोडून द्यायला हवी. कागद होता. फक्त त्या कागदावरची शाई ओली होती.

रायांच्या मागण्या दोन जातींच्या होत्या. काही नेमक्या: देस रागात तीन मिनिटांचा सतारीचा तुकडा हवा, पावसासाठी. दुर्गाच्या, म्हणजे सिनेमातल्या मुलीच्या, मृत्यूनंतर लावायला तोडी राग हवा. आणि काही मोकळ्या: वेगवेगळ्या भावांचे, वेगवेगळ्या लांबीचे तुकडे, ज्यांची जागा अजून ठरलेली नाही. दिग्दर्शकानं संगीतकाराकडे राग आणि मिनिटं अशी ऑर्डर द्यावी, हे ऐकायला किराणा दुकानाच्या यादीसारखं वाटतं. पण हिंदुस्थानी संगीताचा स्वभाव ध्यानात घेतला तर याहून व्यवहारी मागणी दुसरी नाही.

रागात भाव आधीपासून भरलेला असतो. तो शून्यातून रचावा लागत नाही, बाहेर काढावा लागतो. शिवाय लांबीला राग लवचिक असतो. तीस सेकंदांत देस दाखवता येतो, तीन मिनिटांत दाखवता येतो, तीन तासही. चौसष्ट मात्रांचं बांधीव गाणं मधेच कापलं तर लंगडतं. आलापीत एखाद्या न्यासस्वरावर, म्हणजे राग जिथे विसावतो तिथे, कात्री चालवली तर ऐकणाऱ्याला कापल्याचं कळतही नाही. आणि अजून एक गोष्ट, जी कुठे वाचलेली नाही, पण टेबलावर बसणाऱ्याला जाणवते: एकाच रात्री, एकाच सतारीवर वाजलेल्या सगळ्या तुकड्यांचा षड्ज जवळपास एकच राहणार. मग देसचा तुकडा संपून काही मिनिटांनी दुसऱ्या रागाचा सुरू झाला तरी कान दचकत नाही. खालची जमीन तीच असते. हा माझा तर्क आहे. पण वाद्यवृंदात, वेगवेगळ्या दिवशी, वेगवेगळ्या सुरांत केलेलं संगीत एकमेकांशेजारी बसवताना किती घाम फुटतो हे ज्यानं अनुभवलंय, त्याला तो पटेल.

रागाचा निवडक वापर किती विचारानं झालाय ते तोडीत दिसतं. दुर्गा जाते ती वादळाच्या रात्री. त्या रात्रीनंतर सकाळ होते, पडझड झालेल्या घरावर उजेड येतो. तोडी सकाळचा राग. ज्यांना रागसमय कळतो त्यांना ती सकाळ दुहेरी भेटते. ज्यांना कळत नाही त्यांना कोमल ऋषभ-गंधाराचं ओझं तरी जाणवतंच.

देसचं प्रकरण जरा वेगळं. देस म्हणजे पाऊस हा आपल्या कानांवरचा संस्कार. न्यूयॉर्कच्या प्रेक्षकाला देस आणि पाऊस यांचं नातं कुठून माहीत असणार? त्या पहिल्या खेळाला तर इंग्रजी उपशीर्षकंही नव्हती. तरी तो भाग तिथेही पोचतो, कारण रागाच्या नावाखेरीज त्यात सतारीची वाढत जाणारी गती आहे, ‘झाला’ या द्रुत वादनाचा टपटपाट आहे. नाव कळलं तर उत्तम, नाही कळलं तरी थेंब पडतात. पूर्ण कुलपबंद संकेतांवर विसंबलेलं पार्श्वसंगीत आपल्याकडे पुष्कळ होतं. इथे तो धोका टळलाय, पण थोडक्यात.

तारशहनाई

या सिनेमातला एकच प्रसंग पाहायचा असेल तर हा पाहा. दुर्गाचा बाप हरिहर बऱ्याच काळानं घरी परततो. मुलगी गेल्याचं त्याला ठाऊक नाही. तो उत्साहानं आणलेल्या वस्तू एकेक काढून दाखवतो: पोळपाट-लाटणं, लक्ष्मीची तसबीर. त्याची बायको सर्वजया दगडासारखी उभी. मग तो दुर्गासाठी आणलेली साडी तिच्या हातात देतो. ती साडी तोंडाशी दाबते आणि कोसळते. सर्वजया झालेल्या करुणा बॅनर्जींचं तोंड रडण्यासाठी उघडतं, आणि त्यांचा आवाज येत नाही. येते ती तारशहनाई, तार सप्तकात, राग पटदीप.

मराठी कानाला पटदीप समजावून सांगायला नको. ‘मर्मबंधातली ठेव ही’ आठवा. तोच कोमल गंधार, तोच शुद्ध निषाद. नाट्यपदात जी हुरहूर गोड वाटते तीच इथे वरच्या सप्तकात नेऊन ताणली, की किंकाळी होते.

वाद्याची निवड रागाइतकीच महत्त्वाची. तारशहनाई म्हणजे एसराजच, पण तिला ग्रामोफोनसारखा पडदा आणि कर्णा जोडलेला. गजानं वाजते, म्हणून स्वर अखंड राहतो. कर्ण्यामुळे तो नाकातून, घशातून आल्यासारखा येतो. सतारीचा स्वर छेडला की लगेच विरायला लागतो. रडणं असं विरत नाही, ते ताणत जातं, फाटतं. त्यामुळे इथे सतार चाललीच नसती, ती वाजवणारे प्रत्यक्ष रविशंकर असले तरी. तारशहनाई वाजवली दक्षिणामोहन ठाकूर यांनी. या सिनेमाच्या संगीताबद्दल बोलताना त्यांचं नाव रविशंकरांच्या नावामागे झाकलं जातं, म्हणून इथे मुद्दाम घेतो.

हा प्रसंग मी आवाज पूर्ण बंद करून पाहिला, आणि पुन्हा नुसता ऐकला. मुका पाहिला तर अभिनय पुरेसा वाटतो, किंचित जास्तसुद्धा. नुसता ऐकला तर तो पटदीपचा एक लहानसा, तीव्र तुकडा आहे, बस्स. दोन्ही एकत्र आले की वाद्य हे त्या बाईचं स्वरयंत्र होतं. म्हणजे इथे ‘पार्श्व’ काही उरतच नाही. संगीत पात्राच्या घशात जाऊन बसलंय. नायिकेचा आवाज काढून तिथे वाद्य ठेवण्याचा निर्णय वादक घेऊ शकत नाही. तो ध्वनिपट्टी समोर घेऊन बसलेल्यालाच घेता येतो.

या युक्तीची पुढे आपल्याकडे जी वाट लागली ती सांगायला नको. कुणी मेलं की शहनाई, हा मालिकांचा शिरस्ता झाला. फरक एवढाच की तिथे रडण्याचा आवाजही असतो आणि शहनाईही.

जिथे संगीत नाही, आणि जिथे संगीतकार नाही

कात्रीनं काय केलं हे ओळखायचं तर जिथे संगीत ठेवलं नाही त्या जागा पाहाव्यात. दुर्गा आणि तिचा धाकटा भाऊ अपू काशफुलांतून आगगाडी पाहायला जातात तो प्रसंग जगभर नावाजला गेला. दुसऱ्या कुणी तिथे सगळी सतार ओतली असती. राय तारांच्या खांबाची घरघर ऐकवतात, आणि गाडी येते ती स्वतःच्या धडधडाटासह. वाद्य नाही. हातात एका रात्रीचा साठा असताना, नंतर मागायची सोय नसताना, तो अशा जागी न वापरणं याला धीर लागतो. तुटवडा असला की माणूस एक तर सगळं सगळीकडे पसरतो किंवा हात राखून खर्च करतो. राय दुसऱ्या जातीचे.

म्हातारी इंदिर ठाकरुण जाते तेव्हाही संगीतकाराला बाजूला ठेवलंय. ती भूमिका करणाऱ्या चुनीबालादेवी तेव्हा ऐंशीच्या घरात होत्या. त्यांनी स्वतःच्या थकल्या गळ्यानं म्हटलेलं भजनवजा गाणं तिच्या अंत्ययात्रेवर येतं. कुठल्याही रागदारीनं ते काम इतकं साधलं नसतं.

आणि मिठाईवाल्याचा प्रसंग. खांद्यावर कावड घेतलेला मिठाईवाला, मागे दुर्गा, अपू आणि कुत्रं, तळ्याच्या पाण्यात सगळ्यांची उलटी वरात. प्रेक्षक खुद्कन हसतो. या जागेसाठी त्या रात्रीच्या साठ्यात योग्य तुकडा निघाला नाही, आणि रविशंकर तर गेलेले. तेव्हा सतार उचलली सुब्रत मित्रांनी. होय, छायालेखकानं. ते सतार वाजवत. ज्यानं ती वरात टिपली त्यानंच तिला चाल दिली. मोठ्या बॅनरच्या सिनेमात हे घडलं नसतं. तिथे दुसऱ्या दिवशी दुसरा सतारिया बोलावला असता. उस्तादी हाताची सफाई त्या तुकड्यात नाही, खेळकरपणा मात्र आहे, आणि प्रसंगाला तोच हवा होता.

पुढच्या वर्षांत इतरांनीही याच्या जवळपासचे प्रयोग केले. 4 डिसेंबर 1957 च्या रात्री पॅरिसमध्ये जॅझवादक माइल्स डेव्हिसनं फ्रेंच दिग्दर्शक लुई मालच्या पहिल्या कथापटासाठी ट्रम्पेट वाजवला. सोबत चार वादक, आधी सुचलेल्या मोजक्या कल्पना, आणि पडद्यावर पुन्हा पुन्हा फिरणारे तेवढेच प्रसंग. 1995 च्या ‘डेड मॅन’साठी नील यंगनं जिम जार्मुशचा सिनेमा चालू ठेवून एकट्यानं गिटार वाजवली. दोन्हीकडे वादकासमोर चित्र होतं, त्यामुळे चित्र आणि सूर यांची भेट वाजवतानाच झाली. कोलकात्यात ती भेट बऱ्याच अंशी नंतर झाली. म्हणून मी या तिन्ही घटना एका माळेत ओवायला जरा कां-कूं करतो, जरी लेखांतून त्या ओवल्या जातात. रविशंकरांनी पॅरिसच्या रीतीचं कामही केलंय: 1957 मधला नॉर्मन मॅक्लॅरेनचा लघुपट, ज्यात एक माणूस आणि बसू न देणारी एक खुर्ची एवढीच पात्रं आहेत. तिथे चतुरलालांच्या तबल्याबरोबर सतार खुर्चीच्या खोड्यांशी थेट हुज्जत घालते. दोन्ही सिनेमे पाठोपाठ पाहिले तर फरक लगेच कळतो.

हिशेब

यातून रायांना जे मिळालं ते उघड आहे. जे गमावलं ते कमी बोललं जातं. काही ठिकाणी सतार प्रसंगाच्या पुढे धावते; आपण अपूकडे न पाहता सतारीकडे कान देतो, कारण वाजवणारा फार मोठा आहे. साठा संपल्यावर नवा मागता न येणं ही अडचण तर पुढेही राहिली. ‘पथेर पांचाली’च्या पुढच्या भागात, ‘अपराजितो’मध्ये, हरिहर मरतो, घाटावरची कबुतरं उडतात आणि जोग राग येतो. ती जागा अविस्मरणीयच, पण त्या सिनेमातही संगीत घाईतच झालं आणि काही जागांना ते कमी पडलं असं रायांना स्वतःला वाटत राहिलं. रविशंकरांबरोबर त्यांनी चार सिनेमे केले. ‘जलसाघर’ला सतारिये विलायत खाँ, ‘देवी’ला सरोदवादक अली अकबर खाँ. तिघेही ज्यांच्या तारखा मिळणं मुश्कील, आणि ज्यांना ‘इथे सत्तावीस सेकंदच’ असं सांगणं त्याहून मुश्कील. रायांचं म्हणणं साधारण असं, की त्यांना स्वतःलाच संगीताच्या इतक्या कल्पना सुचत, की दुसऱ्या संगीतकाराला सतत हाताला धरून चालवणं दोघांनाही जाचक होई.

मला यात नुसता कंटाळा दिसत नाही. ‘पथेर पांचाली’च्या टेबलावर त्यांनी कुठला तुकडा, कुठून, कुठवर, कशावर आणि कुठे मुळीच नाही हे सगळं ठरवलं होतं. त्यात फक्त स्वर दुसऱ्याचे होते. 1961 च्या ‘तीन कन्या’पासून त्यांनी तेही स्वतःकडे घेतलं. पियानोजवळ बसून ते स्वरलिपी लिहीत आणि सत्राला येताना सेकंद मोजून येत. आणि ते कागद वादकांपर्यंत नेण्यासाठी पुढची कितीतरी वर्षं त्यांच्याबरोबर जो सहायक होता, तो त्या अकरा तासांत फुलस्केपवर ओली शाई वाटत फिरलेला बासरीवाला, आलोक दे.